जवसाचं तेल, उडालेला जांभळा आणि रेम्ब्रांटचं दिवाळं

या महिन्यात वाचकांचे बरेच प्रश्न युरोपातल्या चित्रकारांबद्दल आले. त्यातले पाच इथे घेतले आहेत.

प्रश्न : व्हॅन गॉगने भावाला लिहिलेल्या पत्रात आपल्या खोलीच्या भिंती फिकट जांभळ्या सांगितल्या आहेत. माझ्याकडच्या छापील चित्रात त्या निळ्या दिसतात. छपाईत गडबड आहे का? (धरमपेठ)

छपाई बरोबर आहे. मूळ चित्रातल्या भिंतीही आज निळ्याच दिसतात. ऑक्टोबर १८८८ मध्ये फ्रान्समधल्या आर्लहून भावाला, थिओला, लिहिलेल्या पत्रात व्हिन्सेंट व्हॅन गॉग भिंती फिकट जांभळ्या, जमीन लाल फरशीची आणि पलंग ताज्या लोण्यासारखा पिवळा असल्याचं सांगतो. हा जांभळा तो निळ्यात लाल मिसळून करत असे. त्यातला लाल 'लेक' जातीचा होता, म्हणजे कापड रंगवायचा रंग पांढऱ्या क्षारावर बसवून केलेला. असा रंग उजेडात टिकत नाही. लाल उडाला, निळा राहिला. मे १८९० मधल्या त्याच्या गुलाबांच्या चित्रांचंही तेच झालं. आज पांढरी दिसणारी ती फुलं मुळात गुलाबी होती.

त्याला हे ठाऊक नव्हतं असं नाही. नव्या फॅशनचे रंग कच्चे आहेत, म्हणून ते भडकच लावावेत, काळ त्यांना मवाळ करेलच, असं त्याने १८८८ च्या एप्रिलमध्ये थिओला लिहिलं होतं. चित्रं करायला तो लागला २७ व्या वर्षी आणि गेला ३७ व्या वर्षी. हातात जेमतेम दहा वर्षं होती आणि रंगांचे पैसे भाऊ पाठवत होता, हे लक्षात घेतलं की त्याची घाई समजते.

तुमच्या पेटीतले रंग घरीच तपासता येतात. जाड कागदावर प्रत्येक रंगाचा एक पट्टा जाड आणि एक पांढरा मिसळून फिका असा ओढा. अर्ध्या भागावर पोळ्या गुंडाळायची ॲल्युमिनियमची फॉइल घट्ट चिकटवा आणि कागद पश्चिमेच्या खिडकीत लावा. दक्षिणेची खिडकी नको, कारण मे महिन्यात आपल्याकडे सूर्य जवळजवळ डोक्यावर असतो आणि तिथून ऊन आत येत नाही. मार्चच्या मध्यापासून मेअखेरपर्यंत ठेवून फॉइल काढा. फिका पट्टा आधी उडतो, म्हणून तो हवाच. ट्यूबवर रंगद्रव्याचा क्रमांक 'पीआर ८३' असेल तर तो जुना ॲलिझरिन क्रिमसन आहे, पातळ लावला की फिकटतो. त्याऐवजी 'पीआर १२२' किंवा 'पीआर १७७' घ्या. फ्लुरोसंट रंग टिकाऊ कामात वापरूच नयेत.

प्रश्न : घाणीवरचं जवसाचं तेल तैलरंगात चालेल का? तैलरंगाचा शोध व्हॅन आइकने लावला, हे खरं का? मागच्या वर्षीच्या माझ्या चित्राला भेगा पडल्या आहेत. (महाल)

शोध त्याचा नाही. ही गोष्ट पसरवली सोळाव्या शतकात वसारी या इटलीतल्या चित्रकारांच्या चरित्रकाराने. जवसाच्या तेलात रंग घोटण्याची माहिती बाराव्या शतकातल्या लिखाणात आहे, आणि अफगाणिस्तानातल्या बामियानच्या सातव्या शतकाच्या आसपासच्या गुहाचित्रांत वाळणारी तेलं सापडली आहेत. व्हॅन आइकची थोरवी तेल पातळ, पारदर्शक थरांत लावण्यात आहे. १४३२ सालच्या, बेल्जियममधल्या घेंटच्या चर्चमधल्या वेदीचित्रातले दागिने आणि जरीकाम पाहा.

विदर्भातलं जवस आणि चित्रकाराच्या बाटलीतलं जवस एकच. ते वाळतं म्हणजे पाण्यासारखं उडून जात नाही, हवेतला प्राणवायू घेऊन घट्ट होतं. शेंगदाण्याचं तेल कधीच वाळत नाही, ते रंगात घालू नका. करडईचं वाळतं पण हळू. ते कमी पिवळं पडतं, म्हणून पांढऱ्या रंगात वापरतात.

घाणीच्या तेलात चिकट गाळ असतो. तो काढला नाही तर थर उशिरा वाळतो आणि पिवळा पडतो. काचेच्या बरणीत १ वाटी तेल, १ वाटी गाळलेलं पाणी, १ चमचा मीठ आणि २ चमचे धुतलेली बारीक रेती घालून तीन मिनिटं जोरात हलवा आणि दिवसभर स्थिर ठेवा. तळाला रेती-पाणी, मध्ये दुधट साय, वर तेल असे तीन थर दिसतील. वरचं तेल अलगद ड्रॉपरने काढून घ्या. मधली साय दिसेनाशी होईपर्यंत हे तीन ते पाच वेळा करा, शेवटचे दोन वेळा नुसत्या पाण्याने, म्हणजे मीठ निघून जाईल. मग तेल उथळ काचेच्या ताटलीत पातळ कापडाखाली उन्हात ठेवा आणि रोज ढवळा, नाहीतर वर साय धरते. मे महिन्यात आठ-दहा दिवसांत ते उजळतं, थोडं घट्टही होतं. काचेवर बोटाने तेलाचा पातळ थर ओढून पाहा. आठवड्याभरात हाताला लागेनासं झालं तर तेल चांगलं. दुकानातल्या खाण्याच्या बाटलीत व्हिटॅमिन ई मिसळलेलं असेल तर ती घेऊ नका, त्याने वाळणं लांबतं.

आता भेगा. नियम एकच : खाली कमी तेल, वर जास्त. पहिला थर रंग आणि टर्पेंटाइनचा, तेलाशिवाय. दुसऱ्यात १ भाग तेल, २ भाग टर्पेंटाइन. शेवटच्यात निम्मं-निम्मं. खालचा थर तेलकट आणि वरचा कोरडा असेल, तर वरचा आधी कडक होतो, खालचा अजून हलत असतो आणि वरचा फाटतो. काळा रंग फार सावकाश वाळतो, म्हणून जलद वाळणाऱ्या अंबर या तपकिरी रंगाखाली तो जाड लावू नये. इंग्लंडमधल्या जोशुआ रेनॉल्ड्सने डांबरासारखं बिट्युमेन वापरलं, त्याच्या कित्येक चित्रांवर मगरीच्या पाठीसारख्या भेगा आहेत.

तुमच्या भेगांना कूलरही जबाबदार असू शकतो. उन्हाळ्यात रात्रभर कूलरच्या ओल्या झोताने कॅनव्हासला रंगाखाली लावलेली सरस फुगते आणि दुपारी कूलर बंद झाला की ती आकसते. रंगाचा कडक थर ही रोजची ओढाताण सोसत नाही. चित्र कूलरच्या समोरच्या भिंतीवर लावू नका. वॉर्निश सहा महिन्यांआधी नको, थर जाड असेल तर वर्षभर थांबा.

आणि एक कळकळीचं सांगणं. जवसाच्या तेलाची फडकी चुरगळून बादलीत टाकू नका. वाळताना ती तापतात आणि आपोआप पेट घेतात. पाण्यात भिजवून झाकणाच्या पत्र्याच्या डब्यात ठेवा, किंवा बाहेर सुटी पसरून वाळवा.

प्रश्न : मायकेलअँजेलोने सिस्टीन चॅपेलचं छत पाठीवर झोपून रंगवलं का? (इतवारी)

नाही, उभ्याने. आपल्या हालांवर त्याने सुनीत लिहिलं, त्याच्याशेजारी मान वर करून उभ्याने रंगवणारी आकृतीही काढली. काम १५०८ ते १५१२ चाललं. सुरुवातीलाच 'महापूर' या दृश्यावर बुरशी आली आणि आकृत्या दिसेनाशा झाल्या. गिलावा जास्त ओला मिसळला गेला होता, हे ज्युलियानो दा सांगालो या वास्तुकाराने दाखवल्यावर ते सुधारलं. भिंतीवर चित्र काढणाऱ्यांनी नव्या सिमेंटच्या गिलाव्याला २८ दिवस द्यावेत, पावसाळ्यात त्याहून जास्त.

प्रश्न : एका पतसंस्थेच्या ११ संचालकांचं एकत्र तैलचित्र करायचं काम मिळालं आहे. 'नाइट वॉच' गिऱ्हाइकांना आवडलं नाही आणि त्यामुळे रेम्ब्रांट कंगाल झाला, असं वाचलं. अशा कामात काय जपावं? (प्रतापनगर)

ती गोष्ट खोटी आहे. चित्र १६४२ चं, ॲमस्टरडॅमच्या नागरी रक्षकांच्या पथकाचं, आणि त्यातल्याच एकाने पुढे साक्षीत सांगितलं की सोळा जणांनी सरासरी शंभर-शंभर गिल्डर (तेव्हाचं डच नाणं) दिले, चित्रातल्या जागेनुसार कोणी जास्त, कोणी कमी. त्यानंतरही मोठी कामं येत राहिली. कापडव्यापाऱ्यांच्या तपासनिसांचं समूहचित्र त्याने १६६२ मध्ये केलं.

त्याला बुडवलं घराने. १६३९ मध्ये त्याने ॲमस्टरडॅममध्ये १३,००० गिल्डरचं घर घेतलं. नाइट वॉचच्या मोबदल्याच्या आठपट किंमत, आणि सुरुवातीला त्यातला थोडाच भाग दिला. १६४२ मध्ये पत्नी सास्किया गेली. १६५२ ते १६५४ च्या इंग्लंडबरोबरच्या युद्धात व्यापार बसला, १६५३ मध्ये घराच्या विक्रेत्याने उरलेली रक्कम मागितली आणि ती भागवायला त्याने दुसरीकडून कर्ज काढलं. तिकडे लिलावात चित्रं, कोरीवकामं, शंख, शस्त्रं घेणं चालूच होतं. १६५६ च्या दिवाळखोरीत मालमत्तेच्या यादीवर ३६३ नोंदी झाल्या. त्याच सुमाराची त्याची मुघल लघुचित्रांवरून केलेली वीसेक रेखाटनं आज आहेत, शाहजहान त्यात आहे. घर विकलं गेलं. १६६० मध्ये मुलगा टायटस आणि रेम्ब्रांटची जोडीदार हेंड्रिक्ये यांनी चित्रविक्रीची भागीदारी काढली आणि रेम्ब्रांटला तिथे कामावर ठेवलं, म्हणजे नवीन चित्रांवर सावकारांना हात घालता येऊ नये. १६६९ मध्ये तो गेला, दफन भाड्याच्या थडग्यात झालं.

तुम्ही जागेप्रमाणे दर आधीच ठरवा. पुढच्या रांगेत कोण, पूर्ण चेहरा कोणाचा, अर्धा कोणाचा, हे कोळशाच्या छोट्या आराखड्यावर दाखवून अकराही जणांच्या सह्या घ्या. नाराजी निघते ती इथे, रंगात नाही. रक्कम तीन हप्त्यांत घ्या : आराखड्याला, चेहरे झाल्यावर, सुपूर्द करताना. आणि आकार ठरवण्याआधी भिंत मोजा. १७१५ मध्ये नाइट वॉच ॲमस्टरडॅमच्या नगरगृहातल्या नव्या जागी बसेना, म्हणून चारही बाजूंनी कापलं गेलं.

प्रश्न : वय ६८. मी जलरंग करतो. एका डोळ्याचा मोतीबिंदू काढल्यावर सगळं निळसर दिसतं आणि जुनी चित्रं मातकट वाटतात. ती दुरुस्त करू का? (सदर)

अजून नको, काका. मोतीबिंदूत डोळ्यातलं भिंग पिवळट होतं आणि निळा उजेड अडवतं. तुम्ही नकळत ती उणीव रंगांनी भरून काढत होता. फ्रेंच चित्रकार मोनेला १९१२ मध्ये मोतीबिंदू असल्याचं कळलं. मित्र क्लेमांसोने समजावल्यावर १९२३ मध्ये त्याने उजवा डोळा करून घेतला. तेव्हा आतलं भिंग काढून टाकत, दुसरं बसवत नसत. त्याला सगळं निळं दिसू लागलं आणि त्याने रंगीत काचांचे चष्मे लावून पाहिले. डावा डोळा त्याने केलाच नाही. या काळात त्याने काही चित्रांवर पुन्हा हात फिरवला, काही फाडून टाकली.

तुम्हाला स्वच्छ भिंग बसवलेलं असेल, तर निळसरपणा बहुधा काही आठवड्यांत सवयीचा होतो. तोवर पांढऱ्या कागदाकडे एकेक डोळा झाकून पाहा म्हणजे फरक किती ते कळेल. दुसऱ्या डोळ्याचंही झालं आणि नजर स्थिरावली की जुनी चित्रं काढा. दृष्टी धूसर होत असेल तर डॉक्टरांना दाखवा. नवीन काम करताना रंग लावण्याआधी प्रत्येक मिश्रणाचा पट्टा कडेला ओढून वाळू द्या. नजर कमी झाल्यावर मोने ट्यूबवरची नावं वाचून रंग घेत असे आणि पॅलेटवर प्रत्येकाची जागा ठरलेली ठेवत असे. तुमच्या पेटीतल्या वड्याही आजपासून एकाच क्रमाने ठेवा आणि प्रत्येकीखाली मोठ्या अक्षरात नाव लिहा.