आजोबांची ८ मिमी रिळं सापडलीत. कुटुंबावर प्रायोगिक लघुपट करायचाय. प्रोजेक्टरवर लावून बघू का? (कोल्हापूर)

नाही, आधी स्कॅन करून घ्या. ८ मिमी फिल्म बहुतेक ॲसिटेटची (एक प्रकारचं प्लास्टिक) असते. कोल्हापूरच्या पावसाळी, दमट हवेत वर्षानुवर्षं राहिली की ती खराब होऊन आकसते, डब्याला व्हिनेगरसारखा वास येतो. मग प्रोजेक्टरचे दात कडेच्या छिद्रांत बसत नाहीत आणि फिल्म फाटते. घरच्या रिळाची दुसरी प्रत बहुधा नसतेच. स्कॅन एकेक फ्रेम टिपणाऱ्याकडूनच करा. डाग-ओरखडे मात्र पुसायला सांगू नका, आठवणींवरच्या फिल्ममध्ये तेही बोलतात. स्कॅन बघताना आजी-आत्यांना शेजारी बसवा आणि त्यांचं बोलणं रेकॉर्ड करा, हे सगळ्यात महत्त्वाचं; चेहऱ्यांची नावं त्यांनाच ठाऊक. वास नसेल आणि फिल्म वाकडी झाली नसेल, तर स्कॅनची घाई नको; तोवर रिळं थंड, कोरड्या जागी ठेवा.