'जाऊ दे' म्हणालास म्हणून

प्रिय,

परवा फोनवर म्हणालास, "सर, लग्नाला चार महिने झाले, पण अजून... जाऊ दे." तुझं ते 'जाऊ दे' काही केल्या मनातून जात नाही.

नोकरीच्या पहिल्या वर्षी आमच्यातल्या एकाने हेच सांगितलं होतं, लग्न झालंय पण शरीरसंबंध जमत नाही. रात्री आम्ही सहा जण पर्वतीच्या पायऱ्यांवर बसलो होतो. त्याच्या चपलेचा अंगठा उसवला होता, बोलताना तो दोरा बोटाला गुंडाळत होता. कुणीतरी फिस्सकन हसलं, मग सगळेच हसलो. मीसुद्धा. तोही हसला. पण नंतर तो आमच्यात कधीच बसला नाही. मी त्याच्या घरी जाऊन माफी मागायला हवी होती, ती मागितली नाही.

म्हणून सांगतो, घोळक्यात बोलू नकोस. एकच मित्र निवड, ज्याने दुसऱ्या कुणाचं गुपित तुझ्यापाशी फोडलेलं नाही असा. सुरुवातीलाच सांग, "सल्ला नको, नुसतं ऐक." समोर बसून जमत नसेल तर चालता चालता बोल, नजर रस्त्यावर असली की जीभ मोकळी होते. आणि सांगायची ती तुझी भीती. बायकोच्या शरीराबद्दल, तिच्या वागण्याबद्दल चकार शब्द नको. ते सांगायचं की नाही, हे ती ठरवेल. मित्रापाशी एकदा शब्द सापडले की तेच घेऊन तिच्याजवळ बस.

मनात धास्ती असली की ॲड्रेनलिन नावाचं संप्रेरक वाढतं, रक्तवाहिन्या आकसतात आणि ताठरता येत नाही किंवा टिकत नाही. यात पुरुषार्थाचा काही संबंध नाही रे! तरीही अडचण राहिलीच तर एसटी स्टँडच्या भिंतीवरच्या 'गुप्तरोग' जाहिरातींच्या नादी लागू नकोस. चांगल्या डॉक्टरकडे जा, साखर आणि रक्तदाबही तपासून घे. तिला दुखत असेल तर स्त्रीरोगतज्ज्ञांकडे दोघं मिळून जा.

संततिनियमनाचा प्रचार करणारे र. धों. कर्वे १९२७ पासून १९५३ पर्यंत 'समाजस्वास्थ्य' मासिक काढत होते. लोक त्यांना पत्रातून असलेच प्रश्न विचारायचे आणि ते छापून उत्तरं द्यायचे. त्यावरून खटला भरला गेला, तेव्हा १९३४ मध्ये डॉ. आंबेडकर त्यांचे वकील म्हणून उभे राहिले. तुझ्या पणजोबांच्या वयाची माणसंही हेच विचारत होती, एवढं ध्यानात ठेव.

असा मित्र नाहीच आठवला, तर मी आहे. रविवारी सकाळी सहाला पर्वतीच्या पायथ्याशी थांबतो. काय बोलायचं ते ठरवून येऊ नकोस.

तुझा,
सर