अमेरिकेत ओव्हरडोसने वर्षाला लाखभर माणसं खरंच मरतात का? ओहायोतल्या एका फार्मसिस्टचं उत्तर

तुम्ही तीन गोष्टी विचारल्या आहेत. लाखाचा आकडा खरा का, एवढ्या श्रीमंत देशात हे होतंच कसं, आणि तुमचा भाचा ऑगस्टमध्ये ओहायोत एमएसला येतोय तर काळजी करावी का. मी ओहायोतच फार्मसिस्ट आहे, बरीच वर्षं औषधांच्या काउंटरमागे उभी आहे. जे डोळ्यांसमोर घडलं आणि ज्याची नोंद झाली, तेवढंच लिहिते.

आकडा खरा आहे. २०२१, २०२२ आणि २०२३ अशी सलग तीन वर्षं अमेरिकेत ओव्हरडोसने लाखाच्या वर माणसं गेली. २०२२ साली १,०७,९४१, म्हणजे दिवसाला जवळपास तीनशे. १९९९ मध्ये हाच वर्षाचा आकडा १७ हजारांच्या आत होता. व्हिएतनामच्या अख्ख्या युद्धात अमेरिकेचे ५८ हजार सैनिक मेले. त्याच्या जवळपास दुप्पट माणसं इथे एकेका वर्षात गेली. १९९९ पासूनची बेरीज दहा लाखांच्या पुढे आहे. २०२४ मध्ये मृत्यू एकदम ८० हजारांच्या आसपास उतरले. एवढी मोठी घट आधी कधीच झाली नव्हती, आणि तिचा मला मनापासून आनंद आहे. पण २०१९ मध्ये ७० हजार माणसं गेली तेव्हा आम्ही त्यालाच हाहाकार म्हणत होतो.

आता कसं झालं ते. भारतातून बघताना वाटतं की पैसा फार, पोरं मोकाट, पार्ट्या, म्हणून ड्रग्ज. या साथीची सुरुवात तिथून झालेली नाही. ती डॉक्टरच्या चिठ्ठीतून झाली. ज्याची कंबर खाणीत काम करून गेली, जिचं सिझेरियन झालं, ज्या सोळा वर्षांच्या पोराची अक्कलदाढ काढली, अशांच्या चिठ्ठीतून.

नव्वदच्या दशकात इथल्या वैद्यकात एक विचार जोर धरू लागला. नाडी, ताप, रक्तदाब, श्वास बघता तसं प्रत्येक पेशंटचं दुखणंही मोजा आणि ते पूर्ण थांबवा. हेतू चांगला होता, कारण दुखणं खरंच दुर्लक्षित होतं. त्याच सुमारास, १९९६ मध्ये, पर्ड्यू फार्मा या औषध कंपनीने ऑक्सिकॉन्टिन ही दुखण्यावरची गोळी बाजारात आणली. तिच्यात अफूच्या कुळातलं ऑक्सिकोडोन, बारा तास हळूहळू सुटणारं. हळू सुटतं म्हणून त्याची सवय लागण्याची शक्यता कमी आहे असं मानलं जातं, अशा अर्थाचं वाक्य चक्क औषधाच्या अधिकृत माहितीपत्रकात होतं. प्रत्यक्षात गोळी चुरडली की बारा तासांचा डोस एका झटक्यात मिळायचा, आणि हे रस्त्यावरच्या पोरांना कंपनीच्या माहितीपत्रकाआधी कळलं. डॉक्टरांना पटवायला आणखी एक पुरावा वापरला गेला. १९८० मध्ये न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिनमध्ये एक छोटं पत्र आलं होतं, एका परिच्छेदाचं. हॉस्पिटलात दाखल असताना अशी औषधं मिळालेल्या ११,८८२ पेशंटांपैकी चौघांनाच व्यसन लागल्याची नोंद सापडली, असं त्यात होतं. हॉस्पिटलात नर्सच्या हातून चार दिवस मिळणारं औषध वेगळं आणि घरी नेलेली महिन्याची बाटली वेगळी. तरी ते पत्र शेकडो लेखांत पुरावा म्हणून फिरत राहिलं.

पुढे काय झालं ते दाखवायला एकच गाव पुरे. वेस्ट व्हर्जिनियातलं करमिट, वस्ती चारशेच्या आसपास. तिथल्या एका औषधाच्या दुकानाला दोन वर्षांत हायड्रोकोडोनच्या, म्हणजे अफूच्याच कुळातल्या दुसऱ्या औषधाच्या, जवळपास ९० लाख गोळ्या पुरवल्या गेल्या. घाऊक विक्रेत्याच्या संगणकात ती ऑर्डर दिसत होती. गोळ्यांचा हिशेब सरकारी यंत्रणेकडेही जात होता. कुणी विचारलं नाही की चारशे माणसं एवढ्या गोळ्यांचं करतात काय. आमच्या ओहायोत दक्षिणेला, नदीकाठच्या पोर्ट्समथ भागात, हीच कथा 'पेन क्लिनिक' नावाच्या दुकानांतून घडली. बूट आणि पोलादाचे कारखाने बंद पडलेलं गाव, रोख पैसे घेऊन दोन मिनिटांत चिठ्ठी देणारा डॉक्टर, बाहेर शेजारच्या राज्यांच्या नंबरप्लेटच्या गाड्यांची रांग.

मग सरकार जागं झालं आणि इथे दुसरी मोठी चूक झाली. २०१० मध्ये ऑक्सिकॉन्टिनची गोळी चुरडता येणार नाही अशी बदलली. २०११ मध्ये ओहायोने कायदा करून ती क्लिनिकं बंद पाडली. दोन्ही गोष्टी करायलाच हव्या होत्या. पण गोळी बंद केली म्हणून तलफ थोडीच बंद होते? ज्यांच्या शरीराला ती लागली होती त्यांच्या उपचाराची सोय कुणी केलीच नाही. मुंबई-पुण्यात गर्द ओढणारे ज्याला 'टर्की' म्हणतात ती सुरू झाली की माणूस ओकतो, जुलाब होतात, हाडं ठणकतात, झोप नाही, जीव नकोसा होतो. त्यातून सुटायला ते हेरॉइनकडे गेले, कारण ते गोळीपेक्षा स्वस्त होतं. आणि २०१३ नंतर हेरॉइनच्या जागी फेंटॅनिल शिरलं.

फेंटॅनिल हे अफूसारखंच काम करणारं, पण प्रयोगशाळेत बनणारं वेदनाशामक. खरं तर ते उत्तम औषध आहे, ऑपरेशन थिएटरमध्ये रोज वापरतात. पण ते हेरॉइनच्या पन्नास पट तीव्र आहे. दोन मिलिग्रॅम, म्हणजे मिठाचे मोजके कण, जीव घ्यायला पुरतात. चोरट्या कारखान्यात ते भुकटीत मिसळून साच्यात गोळ्या पाडतात. ते मिसळणं म्हणजे बुंदीच्या लाडवातले बेदाणे: एका लाडवात चार, दुसऱ्यात एकही नाही. म्हणून एकाच पुडीतली एक गोळी घेऊन काही होत नाही आणि दुसरीने माणूस उठत नाही. २०२३ मध्ये अमेरिकेच्या अमली पदार्थविरोधी खात्याने तपासलेल्या फेंटॅनिलच्या बनावट गोळ्यांपैकी दर दहातल्या सात गोळ्यांत जीवघेणी मात्रा सापडली होती. दिसायला त्या आमच्या कपाटातल्या खऱ्या गोळीसारख्याच असतात. तोच निळा रंग, तोच आकडा कोरलेला. माझ्यासारखीलाही नुसत्या डोळ्यांनी फरक सांगता येणार नाही.

ओव्हरडोसमध्ये माणूस मरतो तो श्वास थांबून. मेंदूतलं श्वासाचं केंद्र गुंगतं, श्वास लांबत जातो, घशातून घरघर येते. शेजारच्या खोलीतल्याला वाटतं, गाढ झोपलाय, घोरतोय. ओठ आणि नखं निळसर पडतात. हे सगळं काही मिनिटांत होतं, आणि त्या मिनिटांत जवळ कुणी असेल तर माणूस वाचतो. नाकात मारायचा नॅलोक्सोनचा फवारा, इथे सगळे नारकॅन म्हणतात, मेंदूतल्या त्याच जागांवरून अफूला हुसकावून लावतो. ओहायोत २०१५ पासून आम्हाला तो चिठ्ठीशिवाय देता येतो. मार्च २०२३ मध्ये देशभर खुल्या विक्रीला परवानगी मिळाली.

काउंटरवर तो न्यायला येणारी माणसं आवाज खाली आणतात. एक बाई आल्या होत्या, साठीच्या, व्यवस्थित कपडे, हातात चर्चच्या कार्यक्रमाचं पत्रक. विम्यावर घालू नका, नोंद राहील, म्हणाल्या. मी त्यांना बाजूला घेऊन रिकाम्या डब्यावर दाखवलं: मान मागे, नळी एका नाकपुडीत पूर्ण आत, अंगठ्याने एकदाच दाबायचं, आधी चाचणी म्हणून उडवून बघायचं नाही, कारण एका नळीत एकच डोस असतो. ९११ ला, म्हणजे इथल्या आणीबाणीच्या नंबरला, फोन, कुशीवर वळवायचं, दोन-तीन मिनिटांत श्वास आला नाही तर दुसरी नळी. शुद्धीवर आला तरी हॉस्पिटलात न्यायचंच, कारण फवाऱ्याचा असर आधी उतरतो आणि फेंटॅनिल शरीरात उरलेलं असतं. त्यांनी ते सगळं पत्रकाच्या मागे लिहून घेतलं. मुलगा आठवड्याने व्यसनमुक्ती केंद्रातून घरी येणार होता. तोच काळ सर्वांत धोक्याचा असतो: शरीराची सवय मोडलेली असते आणि माणूस चुकून जुनाच डोस घेतो. तुरुंगातून सुटल्यानंतरचे पहिले आठवडेही तसेच.

आपल्या लोकांबद्दलही बोलायला हवं. मराठी मंडळात एखादा तरुण मुलगा अचानक जातो, 'हार्ट अटॅक' असं कळतं, सगळे मान हलवतात. आईबापांच्या दुःखात कुणी खोदून विचारू नये, हे मलाही कळतं. पण त्याच हॉलमध्ये आणखी एखादी आई असते जिला आपल्या मुलाच्या दप्तरात गोळ्या सापडल्या आहेत आणि जी कुणाला विचारू शकत नाही. लाजेपायी माणूस दार लावून एकटा घेतो, आणि एकट्याला फवारा मारायला कुणी नसतं.

मागे राहणाऱ्यांचं मोजमाप मृतांच्या आकड्यात येत नाही. २०११ ते २०२१ या काळात तीन लाखांहून जास्त मुलांचे आई किंवा वडील ओव्हरडोसने गेले, असा अंदाज एका अभ्यासात निघाला. आमच्याकडे औषधं घ्यायला येणाऱ्या कितीतरी आजी-आजोबांच्या हाताला शाळकरी नातवंडं असतात. सुरुवातीला हे गोऱ्या, गरीब, खेडवळ अमेरिकेचं दुखणं समजलं गेलं. आता मृत्यूचं प्रमाण मूळनिवासी आणि कृष्णवर्णीय लोकांत सर्वांत जास्त आहे, आणि त्यांच्या वाट्याला सहानुभूती तितकी आलेली नाही.

शिक्षा कुणाला झाली? पर्ड्यूने २००७ मध्ये आणि पुन्हा २०२० मध्ये गुन्हा कबूल केला. मालक सॅकलर कुटुंबाला पुढच्या खटल्यांपासून अभय देणारा करार सर्वोच्च न्यायालयाने जून २०२४ मध्ये फेटाळला, नंतर सुमारे ७.४ अब्ज डॉलरचा नवा ठरला. त्या कुटुंबातलं कुणीही तुरुंगात गेलं नाही. अमृतसरला जन्मलेले जॉन कपूर मात्र तुरुंगात गेले. कॅन्सर रुग्णांसाठीचा फेंटॅनिलचा स्प्रे इतरांना लिहून द्यावा म्हणून त्यांच्या इन्सिस कंपनीने डॉक्टरांना लाच दिली होती. औषधांच्या बड्या दुकानसाखळ्यांवरही खटले झाले, आणि ते योग्यच झालं. काउंटर हा शेवटचा दरवाजा होता, तो आमच्या पेशाने उघडा ठेवला.

उपाय नाही असं नाही. ब्युप्रेनॉर्फिन आणि मेथॅडोन ही तलफ शमवणारी, अफूच्याच कुळातली औषधं नियमित घेतली तर मृत्यूचा धोका जवळपास निम्मा होतो. 'एक नशा सोडून दुसरी' असं त्यांना हिणवतात ते मला अजिबात पटत नाही. मधुमेहाच्या माणसाला इन्सुलिन सोड असं कुणी म्हणत नाही. आणि हे बघा: ऑक्सिकोडोन लिहायला डॉक्टरला जादा परवानगी लागत नव्हती, पण त्यातून सोडवणारं ब्युप्रेनॉर्फिन लिहायला २०२२ च्या अखेरपर्यंत खास परवानगी लागायची.

भारताबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, तरी दोन गोष्टी सांगते. तिथे अडचण उलटी होती. १९८५ च्या एनडीपीएस या अमली पदार्थविरोधी कायद्याने मॉर्फिन, म्हणजे अफूपासूनचं वेदनाशामक, इतकं जखडलं की कॅन्सरचे पेशंट तळमळत गेले. २०१४ च्या दुरुस्तीनंतर जरा सैल झालं. गोळ्यांचा धंदा मात्र आपल्या दारातही आहे. फेब्रुवारी २०२५ मध्ये बीबीसीने उघड केलं की टॅपेंटाडॉल हे अफूसारखं वेदनाशामक आणि कॅरिसोप्रोडॉल हे स्नायू सैल करणारं औषध एकत्र केलेल्या गोळ्या पालघरमधल्या कारखान्यातून घाना, नायजेरिया, आयव्हरी कोस्टला जात होत्या आणि तिथल्या पोरांची वाट लावत होत्या. त्यानंतर सरकारने त्यांची निर्यात थांबवली. करमिटच्या गोळ्याही कुठल्या तरी गावच्या कारखान्यातच बनल्या होत्या.

आता भाचा. घाबरून जाऊ नका, पण हे त्याला निघण्याआधी समोर बसवून सांगा. धोका फक्त नशा करणाऱ्याला आहे असं नाही. मे २०२२ मध्ये कोलंबसच्या ओहायो स्टेट विद्यापीठाचे दोन विद्यार्थी गेले, आणि त्याच वेळी बनावट अॅडरॉलबद्दल विद्यापीठाला इशारा द्यावा लागला. अॅडरॉल म्हणजे एकाग्रतेची गोळी, अभ्यासासाठी रात्र जागवायला पोरं एकमेकांना देतात. तेव्हा नियम एकच: फार्मसीच्या बाटलीतून, स्वतःच्या नावाने आलेली नसेल ती कुठलीही गोळी घ्यायची नाही. रूममेटने दिलेली नाही, स्नॅपचॅटवरून मागवलेली नाही, डोकं दुखतंय म्हणून अर्धीसुद्धा नाही. खोलीत नारकॅनचा एक डबा ठेवू दे. विद्यापीठाच्या आरोग्य केंद्रात किंवा काउंटीच्या, म्हणजे जिल्ह्याच्या, आरोग्य विभागात बहुतेक वेळा फुकट मिळतो, दुकानात २०२३ मध्ये दोन डोसांचे साधारण ४५ डॉलर पडायचे. कुणी बेशुद्ध दिसलं आणि कारण कळत नसलं तरी मारावा. अफूचं काही शरीरात नसेल तर त्याने अपाय होत नाही. आणि ९११ ला फोन करायला कचरायचं नाही. ओहायोसह बहुतेक राज्यांत मदतीला फोन करणाऱ्याला कायद्याने काही प्रमाणात संरक्षण दिलेलं आहे.

त्याला कुठे काही विचारायचं असेल तर शहरातल्या कुठल्याही फार्मसीत जाऊन फार्मसिस्टशी बोलायचं आहे, एवढंच म्हणू दे. अपॉइंटमेंट लागत नाही, पैसे पडत नाहीत. माझ्याकडे असे विद्यार्थी येतात, आणि मी हातातलं काम ठेवून त्यांच्याशी बोलते.