आर्किकॅडमध्ये ऑब्जेक्टच्या जागी ठिपके का दिसतात?

प्रश्न : आमच्या छोट्या कार्यालयात सगळे आर्किकॅड या इमारतींचे आराखडे काढण्याच्या सॉफ्टवेअरवर काम करतात. एक जुना प्रकल्प नव्या संगणकावर उघडला, तर प्लॅनमध्ये बऱ्याच खुर्च्या, बेसिन आणि ओरिसा पॅन यांच्या जागी नुसते ठिपके दिसतात. शिवाय काही ऑब्जेक्ट (प्लॅनमध्ये बसवायच्या अशा तयार वस्तू) दोनदा लोड झाल्याची सूचना येते. लायब्ररी, म्हणजे या ऑब्जेक्टच्या फाइलींचा संग्रह, नीट कशी लावावी?
— एक वास्तुरचनाकार, नाशिक

उत्तर : आधी एक करा, ते ठिपके पुसू नका. ऑब्जेक्टची जागा आणि आपण भरलेली मापे प्रकल्पात शाबूत असतात; तो कसा काढायचा हे सांगणारी जीएसएम फाइल तेवढी सापडत नसते. लायब्ररी मॅनेजरमध्ये हरवलेल्या ऑब्जेक्टची नावे पाहून त्यांचा फोल्डर शोधावा (तो बहुधा जुन्या संगणकाच्या डेस्कटॉपवरच निघतो) आणि तो जोडून लायब्ररी पुन्हा लोड करावी, म्हणजे बेसिन आपल्या मापांसह जागेवर येईल.

दुबार प्रतींचे दुखणे मात्र सवयीतून आलेले असते. आर्किकॅड ऑब्जेक्ट ओळखतो तो फाइलच्या नावावरून नव्हे, तर तिच्या आत नोंदलेल्या ओळख-क्रमांकावरून. त्यामुळे विंडोजमध्ये फाइलची प्रत काढून तिला ‘बेसिन नवे’ असे नाव दिले, तरी आतला क्रमांक जुनाच राहतो आणि दोन्ही फाइली एकाच ऑब्जेक्टच्या ठरतात. खरोखर वेगळा ऑब्जेक्ट हवा असेल, तर तो आर्किकॅडमध्येच उघडून ‘सेव्ह अ‍ॅज’ करावा. जुन्या प्रकल्पातली एखादी खिडकी हवी म्हणून त्याची अख्खी पीएलए फाइल (वापरलेल्या ऑब्जेक्टसह जतन केलेला प्रकल्प) लायब्ररी म्हणून जोडण्याची पद्धतही सोडावी, कारण तिच्यासोबत त्या प्रकल्पातले सारे ऑब्जेक्ट पुन्हा आत येतात.

कार्यालयाची स्वतःची लायब्ररी सर्व्हरवर एकाच ठिकाणी ठेवावी, सर्वांना ती वाचता यावी, पण तिच्यात भर घालण्याचा अधिकार एकाच व्यक्तीकडे असावा. ही शिस्त सुरुवातीला जाचक वाटते, तरी माझ्या मते तिला पर्याय नाही. मूळ आर्किकॅड लायब्ररीच्या फोल्डरमध्ये आपले ऑब्जेक्ट मिसळू नयेत, कारण नवी आवृत्ती आली की ती लायब्ररी बदलते. एम्बेडेड लायब्ररी प्रकल्पाच्या फाइलमध्येच साठवली जाते, म्हणून तिथे केवळ त्याच प्रकल्पापुरते ऑब्जेक्ट, उदाहरणार्थ एखाद्या बंगल्याचे खास देवघर, ठेवावे. इंटरनेटवरून उतरवलेला सोफा लायब्ररीत घेण्यापूर्वी त्रिमितीत पाहावा. उशीच्या शिवणीपर्यंत तपशील भरलेला असेल, तर तो मॉडेल विनाकारण जड करतो.

काम पूर्ण झालेला प्रकल्प पीएलए म्हणून जतन करावा. त्यात वापरलेले ऑब्जेक्टही सामावतात, त्यामुळे पुढे तो कोणत्याही संगणकावर उघडताना सर्व्हरवरची लायब्ररी हाताशी असावी लागत नाही.