शेंगदाणे सोडले तरी पिंपल जात नाहीत, मग?

वाचकांचे प्रश्न, डॉक्टरांची उत्तरं

प्रश्न : नमस्कार मॅडम, आम्ही तासगावजवळ राहतो. मुलगी यंदा बारावी सायन्सला आहे, क्लाससाठी रोज सांगलीला जाऊन येऊन करते. दिवाळीपासून कपाळावर आणि गालावर पिंपल खूप वाढलेत, काही तर हात लावला तरी दुखतात. सासूबाई म्हणतात शेंगदाणे नि बदाम उष्ण पडतात, त्यानेच होतंय. तेव्हापासून तिने दाणे सोडलेत, पोह्यातले वेचून बाजूला काढते, चटणी बंद, सकाळी भिजवलेले बदाम द्यायचे तेही बंद. दीड महिना झाला, फरक काहीच नाही. आम्ही माळकरी, घरात अंडं-मटण नाही, मग हिने खायचं तरी काय? खरंच शेंगदाण्याने पिंपल येतात का?

उत्तर : ताई, "हिने खायचं तरी काय" हे तुम्ही जाता जाता लिहिलंय पण मला काळजी त्याचीच वाटली. माळकरी घरातली वाढत्या वयाची पोरगी, अंडं नाही, मासे नाहीत, आणि आता दाणे पण नाहीत, म्हणजे प्रोटीन म्हणून ताटात राहिलं काय तर आमटीतली डाळ आणि थोडं दूध-दही. तेव्हा सरळच सांगते, शेंगदाणे परत चालू करा, उद्याच्या पोह्यापासून. शेंगदाणे, बदाम, काजू, अक्रोड हे नुसते खाल्ल्याने पिंपल येतात असं कुठल्याही नीट केलेल्या प्रयोगातून सिद्ध झालेलं नाही.

आता दीड महिना सोडूनही फरक का नाही, ते सांगते. आपल्या चेहऱ्यावर केसांच्या मुळाशी तेलाच्या ग्रंथी असतात, वयात येताना हार्मोन्समुळे त्या जास्त तेल सोडायला लागतात, छिद्राच्या तोंडाशी मेलेल्या पेशी चिकटून बूच बसतं, आत तेल साठतं, तिथे आधीपासून असलेले जंतू वाढतात आणि मग सूज, लाली, पू. हे बूच डोळ्याला दिसत नाही तेव्हापासून धरलं तर फोड वर यायला काही आठवडे, कधी दोन महिनेसुद्धा लागतात. म्हणजे आज गालावर दिसतोय तो फोड बऱ्याच दिवसांपूर्वी सुरू झालेला असतो आणि आपण मात्र काल काय खाल्लं ते आठवत बसतो. "परवा चिक्की खाल्ली नि आज बघा" हे माझ्याकडे येणारं जवळजवळ प्रत्येक घर सांगतं, आणि मनापासून सांगतं, पण हिशोब तसा बसत नाही.

पण म्हणून खाण्याचा संबंधच नाही असं मी म्हणणार नाही. डॉक्टर लोकांनी बरीच वर्षं तसं म्हटलं, त्याला एक कारण १९६९ सालचा अमेरिकेतला एक प्रयोग होता, ६५ जणांना चॉकलेटचा बार आणि बिनचॉकलेटचा बार देऊन बघितलं, पिंपलमध्ये फरक दिसला नाही, आणि खाण्याने काही होत नाही असं पुस्तकात पक्कं झालं. पण तो दुसरा बार पण साखर नि फॅटने तसाच भरलेला होता, मग फरक दिसणार कुठून? पुढे २००७ मध्ये ऑस्ट्रेलियात १५ ते २५ वयाच्या ४३ मुलांवर १२ आठवडे प्रयोग झाला, ज्यांना रक्तातली साखर हळू वाढवणारं जेवण दिलं त्यांचे पिंपल दुसऱ्या गटापेक्षा जास्त कमी झाले. कारण असं की मैदा, साखर, नुसता स्टार्च खाल्ला की रक्तातली साखर झपकन वर जाते, इन्सुलिन वाढतं, त्याबरोबर आयजीएफ-१ नावाचं वाढीचं हार्मोन जोर धरतं, आणि ही दोघं मिळून तेलाच्या ग्रंथींना अजून कामाला लावतात.

आता यात शेंगदाणा कुठे बसतो बघा. ग्लायसेमिक इंडेक्स म्हणजे एखादा पदार्थ रक्तातली साखर किती झपकन वाढवतो त्याचा आकडा; ग्लुकोजला १०० धरलं तर शेंगदाण्याचा तो साधारण १४ च्या आसपास येतो, काजूचा २५ च्या आतबाहेर, आणि बदामात तर पिठूळ भाग इतका कमी की साखर वाढायचा प्रश्नच फारसा येत नाही. म्हणजे ज्या वाटेने खाणं पिंपल वाढवू शकतं त्या वाटेवर दाणे जवळजवळ नाहीतच. उलट कशाबरोबर खाल्ले तर त्या पदार्थाची साखर हळू चढवतात. साबुदाण्याची खिचडी घ्या, आपण नाव ठेवतो कुटाला, पण साबुदाणा म्हणजे निव्वळ स्टार्च, साखर झपाट्याने वाढवणारा तोच, आणि त्यातला कूट त्याला जरा आवर घालतो. एकादशीला कूट कमी करून साबुदाणा तेवढाच ठेवलात तर उलटंच झालं ना.

तुमच्या सासूबाईंना मी खोटं ठरवत नाहीये, उलट त्यांनी वर्षानुवर्षं जे बघितलं त्यात तथ्य आहे असं मला वाटतं. आपल्याकडे दिवाळीच्या सुमाराला नव्या शेंगा घरात येतात, मग कारखाने चालू, गुऱ्हाळं चालू, ताजा गूळ घरात, मग संक्रांत, तिळगूळ, गुळाची पोळी, चिक्की, दाण्याचे लाडू. शेंगदाणा एकटा कधी येतच नाही, गुळाचा हात धरून येतो, आणि गुळात लोह वगैरे थोडंफार असलं तरी तो बहुतेक साखरच आहे. त्यात तुमच्या लेकीची बारावी, जागरण, टेन्शन, अभ्यास करताना गोड चहा नि बिस्किटं. एवढ्या सगळ्यात नाव मात्र दाण्यावर आलं.

आणि सुकामेवा म्हटलं की आपल्या भागात पहिला हात जातो बेदाण्याकडे. माझं माहेर तासगाव तालुक्यातलं, मार्च-एप्रिलमध्ये शेडवर जाळीवर वाळत घातलेला बेदाणा येता-जाता मूठमूठ तोंडात टाकतच मी मोठी झाले, त्यामुळे त्याच्याविरुद्ध बोलताना मला जड जातं. पण चार किलो द्राक्षं वाळून एक किलो बेदाणा होतो, पाणी जातं, साखर राहते, वजनाच्या साठ टक्क्यांच्या आसपास साखरच असते त्यात. बदाम आणि बेदाणा एका डब्यात ठेवून "ड्रायफ्रूट" म्हणून मूठभर दिले तर त्या दोघांचं शरीरात काम अगदी वेगळं होतं हे लक्षात ठेवा. पंधरा-वीस बेदाणे दाण्यांबरोबर चालतील, वाटीभर नको. भडंगाचंही तेच, त्यातला शेंगदाणा नि लसूण ठीक आहे पण मुख्य माल चुरमुरे, आणि चुरमुरे साखर पटकन वाढवतात, तेव्हा रोज संध्याकाळी ताट भरून भडंग असेल तर ते कमी करा.

किती द्यायचे म्हणाल तर रोज मूठभर, २५-३० ग्रॅम, भाजलेले किंवा भिजवलेले, तळलेले खारे नकोत. अधूनमधून अक्रोड परवडत असेल तर चांगलंच, त्यात ओमेगा-३ असतं, पण नाही परवडला तरी काही अडत नाही, चमचाभर जवसाची चटणी तेच काम करते आणि ती आपल्या घरात आहेच. भिजवलेले बदाम परत चालू करा. दुधाचं म्हणाल तर जास्त दूध पिणाऱ्यांमध्ये पिंपल थोडे जास्त दिसतात असं काही मोठ्या पाहण्यांत आलंय, पण माळकरी घरात मी दूध तोडायला सांगणार नाही, साखर घातलेलं बदाम मिल्क, शेक, हॉर्लिक्स-बॉर्नव्हिटा तेवढं थांबवा, दही-ताक चालू द्या.

आता सगळ्यात महत्त्वाचं. दुखरे फोड आहेत म्हणताय ना, मग फक्त खाण्यावर वेळ घालवू नका. दुखरे खोल फोड खड्डे ठेवून जातात आणि ते खड्डे भरून काढायला नंतर फार त्रास नि फार खर्च येतो, मी अशा मुली बघितल्यात की ज्यांनी दोन-दोन वर्षं पथ्य केलं, उपास केले, हळद-चंदन केलं आणि माझ्यापर्यंत आल्या तेव्हा गालावर खड्डे पडून गेलेले, मला खरंच वाईट वाटतं. स्किनच्या डॉक्टरांना दाखवा. सुरुवातीला बहुतेक बेंझॉइल पेरॉक्साइड आणि रात्री अ‍ॅडापलिन अशी साधी मलमं देतात, त्याने पहिले दोन-तीन आठवडे त्वचा कोरडी पडते, सालपटं निघतात, लोक घाबरून सोडून देतात, पण फरक दिसायला ८ ते १२ आठवडे लागतातच, तेवढं थांबायचं. बेंझॉइल पेरॉक्साइडने टॉवेल नि उशीचे अभ्रे पांढरे पडतात, तेव्हा जुने वापरा. पाळी अनियमित असेल किंवा हनुवटीवर केस वाढले असतील तर तेही डॉक्टरांना सांगा, हार्मोन्स तपासावे लागतील.

कपाळावर जास्त आहेत म्हणालात, मग एकदा केसांचं तेल बघा. रोज चपचपीत तेल लावून वेणी घातली की ते कपाळावर उतरतं आणि छिद्रं बंद करतं. धुवायच्या आधी तासभर लावून केस धुऊन टाकले तर चालेल.

आणि मेडिकलमधून कुणी "गोरेपणाची नि पिंपलची एकच क्रीम" म्हणून ट्यूब दिली तर लावू नका, अशा ट्यूबमध्ये बऱ्याचदा बीटामेथासोन, क्लोबेटासॉलसारखं स्टेरॉइड असतं, आठवडाभर चेहरा छान दिसतो आणि मग पिंपल आधीपेक्षा जास्त, त्वचा पातळ, उन्हात गेलं की आग. या ट्यूब डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकायच्याच नाहीत असा नियम आहे, तरी सर्रास मिळतात, आपणच सांभाळायचं.

एक अपवाद मात्र सांगते. दाणे खाल्ल्यावर काही मिनिटांत ते दोन तासांत अंगावर गांधी उठल्या, ओठ-डोळे सुजले, घसा आवळला, दम लागला तर ती अ‍ॅलर्जी, पिंपलशी तिचा संबंध नाही, तेव्हा दाणे पूर्ण बंद आणि लगेच दवाखाना.

प्रश्न : मॅडम, मी सातारा तालुक्यातला, वय २१, भरतीची तयारी करतोय. पहाटे ग्राउंड, संध्याकाळी जिम. चार महिन्यांपासून रोज चार चमचे पीनट बटर आणि जिममधल्या दादांनी सांगितलेली पावडर दुधातून दोन वेळा घेतो. पाठीवर आणि खांद्यावर मोठे फोड आलेत, बनियन घातली तरी दुखतं. पीनट बटर बंद करू का?

उत्तर : पीनट बटर राहू दे रे, पावडर बंद कर. तू जी घेतोस ती बहुधा व्हे प्रोटीन किंवा मास गेनर, म्हणजे वजन वाढवायची पावडर, असणार. व्हे म्हणजे दुधाच्या निवळीतलं प्रोटीन, ते इन्सुलिन जोरात वाढवतं, आणि व्हे चालू केल्यावर पाठ-छातीवर पिंपल उठले, बंद केल्यावर कमी झाले असे जिमला जाणाऱ्या मुलांचे अनुभव डॉक्टरांनी नोंदवून ठेवलेत. मास गेनर असेल तर डब्याच्या मागे वाच, माल्टोडेक्स्ट्रिन (स्टार्चपासून केलेली, साखरेसारखीच झपकन चढणारी पावडर) पहिल्या दोन-तीन नावांत असेल तर तू प्रोटीनच्या नावाखाली साखरच पितोयस आणि ती पण दुधातून दिवसात दोनदा. तीन महिने पूर्ण बंद ठेवून बघ, आठ दिवसांत ठरवू नकोस.

पीनट बटरचा डबाही वाच, साखर नि पामतेल घातलेलं असेल तर ते सोडून घरी भाजलेले दाणे मिक्सरला फिरव, दोन-तीन वेळा थांबून फिरवलं की आपोआप तेल सुटून बटर होतं, वरून काही घालायला लागत नाही. १०० ग्रॅम दाण्यांत २५ ग्रॅमच्या आसपास प्रोटीन असतं. आपल्या तालमीतली पोरं पिढ्यानपिढ्या बदाम घोटून थंडाई पितात, भिजवलेले हरभरे, दाणे, दूध, अंडी यावर अंग कमावतात, तुलाही भरतीला तेवढं पुरतं. अंडी खात असशील तर रोज तीन-चार खा.

आता एक विचारते, रागावू नकोस आणि लाजू पण नकोस. पावडरीबरोबर कुणी गोळी किंवा इंजेक्शन दिलंय का? अचानक पाठ-छाती भरून मोठे फोड येणं ही अ‍ॅनाबॉलिक स्टेरॉइडची, म्हणजे अंग पटकन भरायला घेतात त्या हार्मोनसारख्या औषधाची, ठळक खूण आहे, त्याने शरीराचं स्वतःचं हार्मोन बंद पडतं, लिव्हर नि हृदयावर ताण येतो. घेत असशील तर डॉक्टरांना खरं सांग, ते तुझ्या घरी किंवा जिममध्ये सांगायला जाणार नाहीत.

ग्राउंडवरून आल्यावर घामाचा टीशर्ट अंगात ठेवून बसू नकोस, लगेच अंघोळ, सुती सैल कपडे. पाठीवरचे फोड मोठे असतील तर डॉक्टर आयसोट्रेटिनॉइनची गोळी सुरू करतील, ती रिकाम्या पोटी नीट शोषली जात नाही, फॅट असलेल्या जेवणाबरोबर घ्यायची असते, तेव्हा गंमत बघ, ज्या दाण्यांना तू घाबरतोयस तेच मूठभर जेवणात असले तर गोळीला मदत होते. मात्र त्या गोळीने जास्त पळणाऱ्यांचे सांधे-स्नायू दुखू शकतात, लिव्हर आणि चरबीची रक्ततपासणी लागते, म्हणून भरतीची तारीख कधी आहे ते आधी सांगून मगच सुरू कर.

प्रश्न : पिंपलवर बदाम दुधात उगाळून लावले तर चालतात का? अक्रोडाचा स्क्रब पण आणलाय. (वाचक, मिरज)

उत्तर : उगाळलेला बदाम पिंपलवर नको, त्यातलं तेल नि दूध छिद्रावर बसतं आणि सुजलेल्या जागी बोटांनी घासलं जातं ते वेगळंच. अक्रोडाच्या टरफलाचा स्क्रब तर अजिबात नको, ते कण खरखरीत असतात, फोड फुटतात आणि मागे काळे डाग राहतात, आपल्या सावळ्या त्वचेवर ते महिनोन्महिने जात नाहीत. आणलाच आहे तर टाचांना वापरा. चेहरा दिवसातून दोनदा साध्या फेसवॉशने हलक्या हाताने धुवायचा, आणि बदाम, अक्रोड दोन्ही खायचे.