'हिरो होणार नसशील, तर कशाला?'

सातारच्या तृतीय वर्ष बी.कॉम.च्या विद्यार्थ्याचं पत्र आहे. एकांकिकांत त्याच्या वाट्याला नेहमी खलनायक नाहीतर म्हातारा येतो. फिल्म सोसायटीत लुइस बुन्युएलचा जुना मेक्सिकन चित्रपट 'लोस ओल्विदादोस' पाहिल्यापासून त्यातला आंधळा डोळ्यांसमोरून हलत नाही. वडील म्हणतात, "हिरो होणार नसशील, तर कशाला वेळ घालवतोस?" असल्या भूमिकांवर आयुष्य काढता येतं का, असं तो विचारतो.

प्रिय मित्रा,

तो आंधळा म्हणजे मेक्सिकन नट मिगेल इंक्लान. चित्रपटात आला तो चाळिशीच्या आसपास, आणि नायक कधीच झाला नाही. 1948 च्या 'नोसोत्रोस लोस पोब्रेस'मध्ये मेक्सिकोचा लाडका नट पेद्रो इन्फांते नायक होता. इंक्लान होता पांगळ्या म्हातारीवर हात उचलणारा नशेबाज. पुढच्याच वर्षी 'सालोन मेक्सिको' आला. त्यात तो गस्तीवरचा साधा पोलिस आहे, एका बाईवर जीव लावणारा. तोच चेहरा, तीच जाड शरीरयष्टी, आणि आपण त्याच्यासाठी हळहळतो! अमेरिकन दिग्दर्शक जॉन फोर्डच्या 'फोर्ट अपाचे'मध्ये अपाचे जमातीचा प्रमुख कोचीसही त्यानंच केला.

आता तुझा आंधळा पुन्हा पाहा. पोरं त्याला दगडांनी मारतात, ढोल फोडतात, तो चिखलात पडतो. पोटात कालवतं. पुढे हाच माणूस लहान मुलीशी लगट करतो, आणि शेवटी त्या पोरांपैकी एकावर पोलिसांनी झाडलेल्या गोळ्यांचा आवाज ऐकून खूश होतो. इंक्लान कुठेही दया मागत नाही. म्हणूनच तो तुझ्या डोळ्यांसमोरून हलत नाही. हे कसब कमवावं लागतं, आणि नायकाच्या कामाहून ते कमी आहे असं मला अजिबात वाटत नाही.

पण बाबांची काळजी खोटी नाही. 1950 च्या सुमाराला मेक्सिकोत वर्षाला शंभरावर चित्रपट बनत. म्हणून अशा नटांना सतत काम होतं, आणि पाठीशी 1934 पासूनची नटांची संघटना होती. त्याच दशकाच्या अखेरीस मोठे स्टुडिओ बंद पडू लागले. हातातलं काम धंद्याच्या चढउतारावर अवलंबून असतं, हे आजही तसंच आहे.

म्हणून आधी पदवी पूर्ण कर. पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट असो वा दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय, पदवी लागतेच. हिशेबाचं ज्ञान वाया जात नाही. काम नसलेल्या महिन्यांत तेच घर चालवतं. पदवीनंतरची तीन वर्षं बाबांकडून मागून घे, आणि तेवढ्या काळात काय करणार ते कागदावर लिहून त्यांच्यासमोर ठेव.

एक काम मात्र आजच सुरू कर. दोन-दोन मिनिटांचे दोन प्रवेश मोबाइलवर चित्रित कर, एकात तुझा राग यावा, दुसऱ्यात तुझी कीव यावी. कपडे, दाढी, जागा तीच ठेव. दोन्ही आधी बाबांना दाखव, आणि ते काय म्हणाले ते मला कळव.