निर्दोष सुटलेल्या मुलाला वकील व्हायचंय

(सोलापूर जिल्ह्यातले एक वडील लिहितात : मुलगा खुनाच्या प्रयत्नाच्या गुन्ह्यात अडीच वर्षं कच्चा कैदी (खटल्याचा निकाल लागायचा असलेला) होता. गेल्या वर्षी निर्दोष सुटला. आत असतानाच मुक्त विद्यापीठातून राहिलेली बी.ए. पूर्ण केली. आता वकील होऊन कैद्यांसाठीच काम करीन म्हणतो. आम्हाला वाटतं, त्याने ते सगळं विसरावं आणि नोकरी धरावी. वकिलीत पैसा तरी मिळेल का?)

नमस्कार.

तारखा, वकिलाची फी, गावाच्या नजरा हे सगळं तुम्ही झेललंय, त्यामुळे तुमची धास्ती मला कळते. तरी मी मुलाच्याच बाजूने आहे.

आपल्या तुरुंगांत दर चार कैद्यांमागे जवळजवळ तीन कच्चे कैदी असतात. कित्येकांना जामीन मंजूर होतो, पण जामीनदार मिळत नाही. १९७८ साली मोतीराम नावाच्या गवंड्याचं असंच प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं होतं. दहा हजारांचा जामीन मागितला होता आणि भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून तो जामीनदार चालला नाही. न्यायालयाने ती रक्कम एक हजारावर आणली. आता नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी खटले कसे चालवायचे ते सांगणाऱ्या कायद्याच्या) कलम ४७९ प्रमाणे पहिल्याच गुन्ह्यातल्या कच्च्या कैद्याने कमाल शिक्षेचा एक तृतीयांश काळ आत काढला, की त्याला सोडायचं असतं. फाशी-जन्मठेपेचे गुन्हे आणि एकाहून जास्त खटले असलेले यातून वगळलेत. अर्ज तुरुंग अधीक्षकांनी करायचा असतो. पण बराकीत बसून कुणाचे किती दिवस भरले हे मोजणारं, कागद पुढे सरकवणारं माणूस लागतंच. कोर्टात न्यायला पोलीस गार्ड मिळाले नाहीत म्हणून तारीख हुकली की आत काय होतं, हे तुमच्या मुलाला शिकवावं लागणार नाही.

एक प्रश्न मात्र त्याला जरूर विचारा. तो निर्दोष होता, पण उद्याचा प्रत्येक अशील निर्दोष नसेल. ज्याने खरोखर गुन्हा केलाय, त्याच्यासाठीही तितक्याच जीव तोडून उभं राहता येईल का? नुसत्या स्वतःवरच्या अन्यायाच्या रागावर ही वकिली फार काळ निभत नाही.

उत्तर ‘हो’ असेल, तर तीन वर्षांच्या एलएल.बी.साठी सीईटी द्यावी. आधी एक तपासा : बारावी रीतसर झाली होती ना? बारावी न करता थेट मुक्त विद्यापीठाची पदवी घेतली असेल, तर बार कौन्सिलच्या (वकिलीचे नियम ठरवणाऱ्या संस्थेच्या) नियमात ती बसत नाही. सनदेची, म्हणजे वकिलीच्या परवान्याची, काळजी नको. अ‍ॅडव्होकेट्स अ‍ॅक्टचं कलम २४अ दोषी ठरलेल्यांना अडवतं, निर्दोष सुटलेल्यांना नाही. पण कुठल्याही फॉर्ममध्ये खटल्याबद्दल विचारलं, तर लपवू नये. सरकारी नोकरीतसुद्धा माहिती दडवली हेच अनेकदा नडतं.

शिकता शिकता गरजूंना मोफत कायदेशीर मदत देणाऱ्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे पॅरालीगल स्वयंसेवक (वकील नसूनही कायद्याच्या कामात मदत करणारा) म्हणून नाव द्यावं. मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेचा ‘प्रयास’ प्रकल्प १९९० पासून कैद्यांमध्ये काम करतोय, त्यांचं काम एकदा प्रत्यक्ष पाहून यावं. वकील नाही झाला, तरी समाजकार्याची वाट तिथून दिसेल.

पैशाचं तुम्ही विचारलंय. सुरुवातीची वर्षं ओढाताणीचीच जातील. पण विधी सेवा प्राधिकरणाच्या बचाव वकील योजनेत नव्या वकिलांनाही सहायक म्हणून घेतात आणि दरमहा मानधन देतात. मुलाला हवं तेच काम तिथे आहे.

निकालाची प्रमाणित प्रत आत्ताच काढून ठेवा. सनदेच्या अर्जावेळी ती लागू शकते.